खेळांची डागडुजी

आमच्या घरी एक जुना कॅरम बोर्ड आहे. मी चौथीत असताना माझ्या वडिलांनी तो आणला. त्याला आजवर लागलेली देखभाल म्हणजे अधूनमधून थोडी पावडर, एकदा फाटलेल्या जाळीची शिवण आणि हरवलेल्या राणीच्या जागी आणलेली नवी राणी, एवढीच. रात्री निजताना त्याला चार भोके होती आणि सकाळी उठून पाहावे तो पाच झाली, असे कधी घडले नाही. आपल्या पिढीच्या मनात खेळ म्हटला की हीच कल्पना असते. एकदा विकत घेतला की तो आपला, आणि जसा घेतला तसाच राहणार.

आजची मुले संगणकावरच्या ज्या खेळांत रमतात त्यांची जात निराळी आहे. ते आपल्या घरी आले तरी कर्त्यांच्या हातून सुटत नाहीत. कर्ते त्यांत वरचेवर फेरफार करतात, चुका दुरुस्त करतात, नवे डाव घालतात आणि हे सारे इंटरनेटच्या वाटेने आपल्या संगणकात येऊन बसते. मुले त्याला ‘अपडेट’ म्हणतात. तो नीट बसला तर कोणाच्या ध्यानीही येत नाही. बसला नाही तर घरात रुसवेफुगवे सुरू होतात. मी या विद्येतला जाणकार नव्हे. बेळगावात शाळेत इतिहास शिकवणारा मास्तर आहे. परंतु गेल्या मे महिन्यात आमच्या घरी असा प्रसंग आला, की मला ही विद्या थोडीशी का होईना, शिकावीच लागली.

माझ्या वडिलांचे जन्मघर गोव्यात, बार्देशात होते. जांभ्या दगडाचे, मंगळुरी कौलांचे, पुढे ओटा आणि मागे विहीर असे ते घर रस्त्याच्या रुंदीकरणात गेले. त्याचे एकही धड छायाचित्र आमच्याजवळ नाही. माझा मुलगा आठवीत आहे. ठोकळे रचून घरे बांधण्याचा एक खेळ तो खेळतो. त्या खेळात आजोबांनी सांगावे आणि नातवाने बांधावे, असे करीत दोघांनी वर्षभरात ते घर पुन्हा उभे केले. “खिडकी आणखी डावीकडे घे रे, तिथून विहीर दिसायची,” असे म्हातारा सांगे आणि पोरगा खिडकी हलवी. फेब्रुवारीत वडील वारले. मे महिन्यात एका सकाळी मुलगा माझ्यापुढे उभा राहिला आणि म्हणाला, “पप्पा, आजोबांचं घर उघडत नाही.”

आदल्या रात्री अपडेट आला होता. खेळ सुरू होई आणि क्षणात बंद पडे. माझ्या मनात पहिल्याने राग आला तो या अपडेटच्या प्रथेवरच. चालते आहे ते चालू का देत नाहीत? पण रागाने इतिहासाच्या मास्तरचे भागत नाही. त्याला मागे जावे लागते.

मागे गेले की असे दिसते की अपडेट नव्हते तो काळ काही सोन्याचा नव्हता. १९८२ मध्ये अमेरिकेत अटारी या कंपनीने ‘ई. टी.’ या गाजलेल्या चित्रपटावरून एक खेळ काढला. नाताळचा बाजार गाठायचा म्हणून तो सुमारे पाच आठवड्यांत घाईने रचला गेला. खेळणाऱ्याने सारखे खड्ड्यांत पडावे, असा तो झाला. तो ज्या कार्ट्रिजमध्ये भरलेला असे ती एकदा कारखान्याबाहेर पडली की तीत अक्षरही बदलता येत नसे. चूक झाली ती कायमचीच. न खपलेल्या मालापैकी काही १९८३ मध्ये न्यू मेक्सिको राज्यातल्या अलामोगोर्डो गावाजवळ कचऱ्याच्या खड्ड्यात पुरण्यात आला आणि २०१४ मध्ये त्यातला काही उकरून काढला तेव्हा जुन्या कथेची खातरी पटली.

इंटरनेट आले आणि ही अगतिकता गेली. अमेरिकेतल्याच व्हॉल्व्ह कंपनीने २००३ मध्ये ‘स्टीम’ ही व्यवस्था सुरू केली. आज ती खेळांची मोठी बाजारपेठ म्हणून ओळखली जाते. पण तिच्या जन्माचे एक मुख्य कारण दुरुस्त्या घरोघर पोहोचवणे हेच होते. चार जण चार गावांतून एकच खेळ खेळत असतील तर चौघांजवळ त्याची एकच आवृत्ती असावी लागते. नाही तर डाव मांडताच येत नाही. अशा लहान दुरुस्तीला इंग्रजीत ‘पॅच’ म्हणतात, म्हणजे आपले ठिगळ. हा शब्द अलंकारिक नाही. आरंभीच्या संगणकांना आज्ञा द्यायच्या त्या भोके पाडलेल्या कागदी पट्टीवरून. भोक चुकीचे पडले तर त्यावर खरोखरच कागदाचा तुकडा चिकटवीत.

सोय झाली की तिचा गैरफायदाही आलाच. २०२० च्या डिसेंबरात पोलंडमधल्या एका कंपनीचा ‘सायबरपंक २०७७’ हा खेळ मोठ्या गाजावाजाने बाजारात आला, आणि इतका सदोष निघाला की आठवड्याभरात सोनीने तो आपल्या दुकानातून काढून घेतला. पुढच्या जून महिन्यात तो परत आला आणि २०२३ च्या मोठ्या दुरुस्तीनंतर लोक त्याची वाखाणणी करू लागले. दुरुस्ती करता येते म्हणून कच्चा माल विकावा काय, हा प्रश्न यातून उरतोच. मी वर्गात मुलांना सांगतो की खोडरबर जवळ आहे म्हणून उत्तर विचार न करता लिहू नये. तेच येथेही लागू आहे.

मग अपडेट घेऊच नयेत काय? तसेही चालत नाही. २०२१ च्या डिसेंबरात ‘लॉग फोर जे’ नावाच्या एका सामायिक सॉफ्टवेअरमध्ये मोठे छिद्र सापडले. घडलेल्या गोष्टींची नोंद ठेवणे एवढेच त्याचे काम. पण असंख्य प्रणाली त्यावर उभ्या होत्या, आणि त्यांत ‘माइनक्राफ्ट’ हा मुलांचा आवडता खेळही होता. त्याच्या जावा आवृत्तीत कोणी खोडसाळाने गप्पांच्या चौकटीत विशिष्ट मजकूर लिहिला तरी दुसऱ्याच्या संगणकावर ताबा मिळवणे शक्य होते. कर्त्यांनी तातडीने दुरुस्ती पाठवली. ज्यांनी ती घेतली नाही त्यांचे दार मात्र उघडेच राहिले.

आणि दुरुस्तीनेच घात केल्याचेही उदाहरण आहे. आइसलँडमधल्या एका कंपनीचा ‘ईव्ह ऑनलाइन’ हा अंतराळातला खेळ आहे. २००७ च्या डिसेंबरात त्याचा एक मोठा अपडेट आला. खेळाच्या फोल्डरमध्ये ‘बूट डॉट आयएनआय’ नावाची एक फाइल होती. ती काढून टाकण्याचे त्यात योजले होते. दुर्दैवाने विंडोज एक्सपीमध्ये संगणक सुरू करण्याच्या कामी लागणाऱ्या फाइलीचेही नाव हेच होते. अपडेटने काही जणांच्या संगणकावर नेमकी तीच पुसली. संगणक पुन्हा सुरू करावा तर तो उठेना! कंपनीने चूक कबूल करून तिचे कारण जाहीरपणे सांगितले. नामसाम्याने केवढा अनर्थ होतो हे एका वर्गात दोन सुरेश असलेल्या मास्तरला निराळे सांगायला नको.

तेव्हा अपडेट घ्यावेत, पण सावधपणे घ्यावेत, हा मध्यम मार्ग. त्याचा पहिला नियम असा की आपल्या खेळाची प्रत आधी काढून ठेवावी. खेळ स्वतः पुन्हा मिळतो. आपण त्यात केलेले काम पुन्हा मिळत नाही. ते ‘सेव्ह’ नावाच्या फाइलींत असते. बऱ्याच खेळांची अशी प्रत कंपनीच्या संगणकावरही राहते. पण घरची प्रत खराब झाली तर पुष्कळदा तीच खराब प्रत तिकडे चढते. म्हणून एक प्रत पेनड्राइव्हवर वेगळी असावी.

अपडेट अडला, तर पुढच्या गोष्टी याच क्रमाने पाहाव्यात. प्रथम डिस्कवर जागा आहे काय ते पाहावे. अपडेट लहान दिसला तरी पुष्कळदा जुन्या फाइलीशेजारी नवी फाइल तयार होते आणि मग जुनी जाते. म्हणजे काही काळ दोन्हींना जागा लागते. मग संगणकाचे घड्याळ पाहावे. जुन्या यंत्रातली नाण्याएवढी बॅटरी संपली की तारीख मागे जाते, आणि तारीख चुकीची असली की सुरक्षित जोडणी नाकारली जाते. मोबाइलच्या डेटावर अपडेट घेत असाल तर त्या दिवसाची मर्यादा संपली काय, हेही पाहावे. यानंतर संगणक बंद करून पुन्हा सुरू करावा. हा उपाय हास्यास्पद वाटतो, पण एखादी फाइल दुसऱ्या कामात अडकून पडलेली असेल तर ती त्याने सुटते.

एवढ्याने न भागल्यास फाइलींची पडताळणी करावी. स्टीमसारख्या व्यवस्थांत यासाठी तयार सोय असते. तिचे तत्त्व शाळेच्या निकालपत्रकासारखे आहे. आपण गुणांची उभी बेरीज करतो, आडवी बेरीज करतो, आणि दोन्ही जुळल्या नाहीत तर कोठेतरी आकडा चुकला हे समजते. त्याचप्रमाणे प्रत्येक फाइलीवरून गणिताने एक संख्या काढतात. फाइलीत एक अक्षर बदलले तरी ती संख्या बदलते. कंपनीजवळची संख्या आणि आपली संख्या जुळली नाही तर तेवढीच फाइल नव्याने मागवली जाते. साराच खेळ पुन्हा उतरवून घेण्याचा खर्च वाचतो.

पडताळणी होऊनही खेळ चालत नसेल तर ग्राफिक्स ड्रायव्हर जुना झाला आहे काय ते पाहावे. पडद्यावर चित्र उमटवणाऱ्या भागाला संगणकाशी बोलते करणारे हे सॉफ्टवेअर त्या भागाच्या उत्पादकाच्या अधिकृत जागेवरूनच घ्यावे. कधी विषाणुरोधक सॉफ्टवेअर नव्या फाइलीला चोर समजून कोंडून ठेवते. त्याची कोंडलेल्यांची यादी तपासावी, पण ते कायमचे बंद करून बसू नये. खेळ काढून टाकून पुन्हा बसवणे हा अगदी शेवटचा उपाय, आणि तोही सेव्हची प्रत हाती असल्याखेरीज करू नये. मुले घाईने हाच उपाय पहिल्याने करतात आणि वर्षाचे काम मिनिटात घालवून बसतात.

आता आमच्या घराकडे वळतो. आम्ही प्रथम प्रत काढली. पडताळणी केली, मूळ खेळात दोष नव्हता. मग ध्यानात आले की मुलाने खेळाला बाहेरून काही जोड लावलेले होते. त्यांना ‘मॉड’ म्हणतात. हे मॉड हौशी लोक तयार करतात. मूळ खेळ पुढे सरकला की त्यांनाही सरकावे लागते. ते मागे राहिले तर खेळ अडखळतो. आम्ही सारे मॉड काढले आणि एकेक करून परत लावले. पाचव्याला खेळ पडला. तो कौलांचा मॉड होता. त्याच्या कर्त्याने दोन वर्षांपूर्वीच काम थांबवले होते.

तो एक मॉड वगळला आणि घर उघडले. भिंती होत्या, ओटा होता, खिडकीतून विहीर दिसत होती; छप्पर मात्र नव्हते. आमच्यापुढे दोन वाटा होत्या. त्या खेळाची जुनी आवृत्ती अजून मिळत होती. ती घेऊन घर होते तसे ठेवावे, की नव्या आवृत्तीत पुढे जावे? मी म्हटले, “जुनीच ठेवू.” मुलगा बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, “दोन्ही ठेवू या, पप्पा. जुन्यात कोणी हात लावायचा नाही. नव्यात मी कौलं घालतो.”

तसे केले. जुन्या घराची प्रत, ते चालवणाऱ्या आवृत्तीसह, दोन पेनड्राइव्हवर घालून एक कपाटात आणि एक माझ्या बहिणीच्या घरी ठेवली आहे. नव्या घरावर साध्या तांबड्या ठोकळ्यांचे छप्पर चढले. ते मंगळुरी कौलांसारखे मुळीच दिसत नाही, हे मुलालाही कळते. परवा त्याने ओट्यावर एक बाक ठेवला. आजोबांनी बाक सांगितल्याचे मला स्मरत नाही. विचारले तेव्हा म्हणाला, “त्यांनी नव्हता सांगितला. पण बसायला काहीतरी हवं ना!”

श्रोतेहो, आज रात्री आपल्या मुलांना एवढेच विचारा की तुझ्या खेळातले काम कोठे साठते आणि त्याची दुसरी प्रत कोठे आहे. उत्तर आले नाही तर दोघांनी मिळून शोधा. त्याला अर्धा तास पुरतो.