मोकळ्या जागेचा धनी कोण? : कोल्हापूरची मैदाने, तळी आणि चौक

इमारतींनी न व्यापलेली, आणि जिथे जाण्यासाठी, थांबण्यासाठी वा नुसते बसून राहण्यासाठी कोणाला पैसे मोजावे लागत नाहीत की परवानगी मागावी लागत नाही, अशा जमिनीला नगररचनाशास्त्र सार्वजनिक खुली जागा म्हणते. उद्याने आणि क्रीडांगणे तिच्यात येतातच, पण तळ्यांचे काठ, नदीचे घाट, चौक आणि आठवडी बाजाराची पटांगणेही येतात. विकास आराखड्यात, म्हणजे शहरातील जमिनीच्या भावी वापराचा जो नकाशा शासन मंजूर करते त्यात, अशा जागा हिरव्या रंगाने दाखवलेल्या असतात. परंतु नकाशावरचा हिरवा रंग आणि प्रत्यक्ष वापरातली जागा यांची गाठ पडेलच असे नाही. कोल्हापूरचा गेल्या सव्वाशे वर्षांचा अनुभव पाहिला तर असे दिसते की, इथल्या ज्या मोकळ्या जागा टिकल्या त्या आरक्षणामुळे टिकल्या नाहीत. त्यांच्यावर वापराचा हक्क सांगणारी एखादी तालीम, पेठ, पालखी किंवा चळवळ उभी होती म्हणून त्या टिकल्या, आणि ज्या जागांना असा धनी नव्हता त्या कागदावर सार्वजनिक राहूनही हातच्या गेल्या. त्यामुळे खुल्या जागेच्या रचनेचा विचार तिच्या व्यवस्थापनापासून, म्हणजे ती कोण राखणार, कोण वापरणार आणि किल्ली कोणाकडे राहणार या प्रश्नांपासून सुरू व्हायला हवा.

रचनेचा उत्तम नमुना म्हणून खासबागेच्या कुस्ती मैदानाकडे बोट दाखवता येते. राजर्षी शाहू महाराज १९०२ साली सातव्या एडवर्डच्या राज्यारोहणासाठी युरोपला गेले असता त्यांनी रोममधील प्राचीन रंगमंडल पाहिले, आणि परतल्यावर तशा धर्तीचे मैदान कोल्हापुरात उभारण्याचे मनात घेतले. १९०७ साली सुरू झालेले हे काम १९१२ साली पुरे झाले. मध्यभागी तांबड्या मातीचा हौदा आणि त्याच्याभोवती चहूबाजूंनी चढत जाणारी गोलाकार बैठक, एवढीच त्याची मांडणी आहे. मधे खांब नाही, छत नाही. बैठकीचा उतार असा राखला आहे की पुढच्याच्या डोक्यावरून मागच्याला हौदा दिसतो, आणि हजारोंच्या गर्दीतही शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकाला डाव कळतो. दृष्टिरेषा, म्हणजे प्रेक्षकाच्या डोळ्यापासून खेळाच्या जागेपर्यंत अडथळ्याविना जाणारी रेषा, हा आजच्या क्रीडागारांच्या आराखड्यात आकडेमोडीचा विषय असतो. इथे तो जमिनीला दिलेल्या घाटातूनच सुटला आहे. बाहेरून पाहणाऱ्याला हे मैदान फारसे भव्य वाटत नाही, आत पाऊल टाकल्यावरच त्याचा आवाका ध्यानात येतो.

या मैदानाला लागूनच महाराजांनी पॅलेस थिएटर उभारले, ते पुढे केशवराव भोसले नाट्यगृह म्हणून ओळखले जाऊ लागले. कुस्ती आणि नाटक यांना एकाच आवारात शेजारी बसवण्यामागे जो नागरी विचार होता, त्याची बरोबरी नंतरच्या कुठल्या आराखड्याने केली आहे असे म्हणवत नाही. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री लागलेल्या आगीत नाट्यगृह भस्मसात झाले. त्यानंतर सारे शहर हळहळले, पुनर्बांधणीची मागणी तातडीने पुढे आली आणि कामही हाती घेतले गेले. जागेला धनी असणे म्हणजे काय, ते त्या दिवसांत दिसले. मात्र खासबागेच्या रचनेतच एक मर्यादा दडलेली आहे. जी जागा एकाच कामासाठी इतकी चोख घडवलेली असते, तिचे ते काम कमी झाले की ती सुनी पडते. कुस्ती मातीवरून मॅटवर गेली, मोठ्या जंगी मैदानांची संख्या घटली, आणि वर्षातले बहुतेक दिवस हौदा रिकामा राहू लागला.

याच्या उलट टोकाला दसरा चौक आहे. रचना म्हणावी असे तिथे जवळजवळ काहीच नाही: सपाट पटांगण, शाहू महाराजांचा पुतळा आणि कडेने मुस्लिम बोर्डिंगसारखी महाराजांच्या काळातल्या वसतिगृह चळवळीची आठवण देणाऱ्या संस्थांची वास्तू. विजयादशमीला अंबाबाईची पालखी येथे येते, शमीपूजन होते आणि छत्रपती घराण्याच्या उपस्थितीत सोने लुटले जाते. इतर दिवशी मोर्चे, सभा, प्रदर्शने आणि उपोषणांचे मांडव. जागेत मुळात काहीच रोवलेले नसल्यामुळे तिच्यात सगळे मावते. सुशोभीकरणाच्या नावाखाली असल्या पटांगणात कारंजी, कमानी आणि कठडे घालण्याचा मोह प्रत्येक पिढीतल्या कारभाऱ्यांना होतो, आणि तो आवरणे हेही रचनाकाराचेच काम आहे.

बिंदू चौक हे या बाबतीत आणखी बोलके उदाहरण ठरते. भाई माधवराव बागल यांच्या पुढाकाराने ९ डिसेंबर १९५० रोजी तिथे महात्मा फुले आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांचे पुतळे उभे राहिले, आणि आंबेडकरांचा पुतळा तर ते हयात असताना. एका बाजूला उपकारागृहाची दगडी भिंत, दुसरीकडे रहदारी, आणि देवीच्या दर्शनाला येणाऱ्यांच्या गाड्यांसाठी वाहनतळ, अशा दाटीतही या चौकाने आपले जुने काम सोडलेले नाही. जिल्ह्यातील एका पुढाऱ्याने दुसऱ्यावर आरोप केले की उत्तरादाखल ‘बिंदू चौकात या’ असे आव्हान आजही दिले जाते, आणि ते कोणत्याही कोल्हापूरकराला समजावून सांगावे लागत नाही. चौकाचे क्षेत्रफळ नगण्य आहे. दरडोई किती चौरस मीटर मोकळी जागा मिळते याच्या तक्त्यात त्याची नोंदही होणार नाही. असे तक्ते निरुपयोगी नसतात, केंद्र शासनाच्या २०१४ च्या मार्गदर्शक सूत्रांनी माणशी १० ते १२ चौरस मीटर खुल्या जागेचे मान सुचवले आहे आणि बहुतेक भारतीय शहरे त्याच्या जवळपासही नाहीत. परंतु जागेचे मोल तिच्या मापात सामावत नाही, एवढे बिंदू चौकावरून कळते.

कोल्हापूर हे मूळचे तळ्यांचे गाव, आणि आजच्या कित्येक खुल्या जागांच्या पोटात एखादे तळे आहे. वरुणतीर्थ बुजवून गांधी मैदान झाले, कपिलतीर्थाच्या जागी मंडई आली, रावणेश्वर तळ्याच्या जागी शाहू स्टेडियम उभे राहिले. तळी बुजवण्यामागे त्या काळी रोगराईची भीती होती, आणि पेठांना खेळायला जागा हवी होती. त्या निर्णयांना सरसकट दोष देता येत नाही. पण जमिनीचा उतार मातीने बुजत नाही. भोवतालच्या वस्तीचे पाणी शतकानुशतके ज्या खोलगटाकडे वाहत आले, तिथेच ते आजही येते, आणि म्हणूनच दर पावसाळ्यात गांधी मैदानाचे तळे होते. शिवाजी पेठेतल्या पोरांच्या क्रिकेटचा हंगाम त्यामुळे जूनमध्ये संपतो, आणि पाणी ओसरल्यानंतर चिखल वाळून मैदान पुन्हा खेळण्याजोगे होईपर्यंत कितीतरी दिवस जातात. यावर दरवेळी सुचणारा उपाय म्हणजे भराव टाकणे आणि मोठे गटार बांधणे. भराव टाकला की पाणी शेजारच्या घरांत शिरते. त्यापेक्षा मैदानाचा एक कोपरा मुद्दाम सखल ठेवून, पावसाचे पाणी तिथे साठू आणि मुरू द्यावे, आणि खेळपट्टीचा भाग चार बोटे उंच राखावा, ही रचना पाण्याच्या जुन्या वहिवाटीशी जुळणारी आहे. भूजल पुनर्भरण, म्हणजे पावसाचे पाणी जमिनीत मुरवून विहिरींची पातळी राखणे, हा त्यातला जोडलाभ. अट एवढीच की त्या पाण्यात सांडपाणी मिसळता कामा नये.

ही अट पाळली नाही तर काय होते, ते रंकाळ्याने दाखवून दिले आहे. श्याम सोसायटी आणि देशमुख हॉल यांच्या नावांनी ओळखल्या जाणाऱ्या नाल्यांतून वर्षानुवर्षे सांडपाणी तलावात येत राहिले, पाण्यातली पोषकद्रव्ये बेसुमार वाढली आणि त्यावर केंदाळ माजले. कधी केंदाळ, कधी हिरवे शेवाळ, असा तो चक्रनेमिक्रम शहराने अनेक वर्षे पाहिला. राष्ट्रीय सरोवर संवर्धन योजनेतून पैसा आला, नाले वळवण्याचे काम झाले, केंदाळ काढले गेले. मूर्ती विसर्जनाचा भार कमी करण्यासाठी शेजारच्या इराणी खणीचा पर्याय पुढे आला, आणि जुन्या दगडखाणीचा असा उपयोग काढणे हे अलीकडच्या काळातले शहाणपणाचे व्यवस्थापन म्हणावे लागेल. तरीही रंकाळ्याबाबतचा बराचसा खर्च काठावर, म्हणजे पदपथ, दिवे आणि कठडे यांवर होतो. काठाचे उद्घाटन करता येते, जमिनीखालच्या सांडपाण्याच्या नळाचे करता येत नाही.

काठाची रचना मात्र दुय्यम नाही. अमेरिकन अभ्यासक विल्यम व्हाइट यांनी न्यूयॉर्कमधील छोट्या चौकांचे निरीक्षण करून १९८० साली जे पुस्तक प्रसिद्ध केले, त्याचा गाभा असा की, जिथे बसायला जागा असते तिथे माणसे बसतात, आणि जिथे स्त्रियांचे प्रमाण जास्त असते ती जागा बहुधा चांगली चालत असते. रंकाळ्याची संध्याकाळ या दोन्ही कसोट्यांवर उतरते. काठाची रुंद दगडी बांधणी ही मुळातच बैठक आहे. भेळ आणि भाजलेल्या कणसांच्या गाड्यांमुळे उजेड आणि वर्दळ उशिरापर्यंत टिकते, आणि त्या वर्दळीमुळेच बायका-मुलांना निर्धास्तपणे बसता येते. या गाड्यांना अतिक्रमण मानून हटवणे सोपे आहे, पण मग राखणीला माणसे आणि दिवे यांवर खर्च करावा लागतो. गाड्यांची संख्या, जागा आणि कचऱ्याची जबाबदारी ठरवून देणे हाच मधला मार्ग. स्वच्छतागृहांची वानवा हे याच काठाचे उणे अंग आहे, आणि ते स्त्रियांना पुरुषांपेक्षा अधिक जाणवते.

कायद्याची बाजू थोडक्यात अशी आहे. महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, १९६६ नुसार आराखड्यात उद्यानासाठी आरक्षित केलेली खासगी जमीन १० वर्षांत संपादित झाली नाही, तर मालक कलम १२७ खाली खरेदीची नोटीस देऊ शकतो, आणि त्यापुढच्या मुदतीतही संपादनाची पावले उचलली गेली नाहीत तर आरक्षण व्यपगत होते, म्हणजे आपोआप संपुष्टात येते. महापालिकेच्या तिजोरीत पैसा नसला की आरक्षणे अशीच गळून पडतात. मोठ्या भूखंडांच्या मांडणीत १० टक्के खुली जागा सोडण्याचा नियम आहे, पण ती बहुधा कोपऱ्यातली, नाल्याकाठची वा विकता न येणारी असते. एकदा उद्यान म्हणून निश्चित झालेल्या जागेचे काय, याचे उत्तर सर्वोच्च न्यायालयाने १९९१ साली बेंगळुरूच्या प्रकरणात दिले होते: उद्यानाची जागा खासगी रुग्णालयाला देण्याचा निर्णय न्यायालयाने रद्द ठरवला, आणि त्या भागातील रहिवाशांना दाद मागण्याचा अधिकार आहे हेही मान्य केले.

अधिकार मान्य झाला तरी तो बजावणारा लागतो. कोल्हापुरात नगरपालिका १८५४ साली स्थापन झाली आणि १९७२ साली तिची महानगरपालिका झाली, पण नोव्हेंबर २०२० पासून पुढची काही वर्षे लोकनियुक्त सभागृहच नव्हते आणि कारभार प्रशासकाच्या हाती होता. त्या काळात एखाद्या बागेचे फाटक का बंद आहे, हे विचारायला प्रभागात नगरसेवकही नव्हता. नगरसेवक असतानाही चित्र फार निराळे नसे: निधीतून पेव्हिंग ब्लॉक आणि ओपन जिम बसवली जाई, पण माळी, पाणी आणि दुरुस्ती यांची तरतूद वर्षागणिक आटत जाई. बांधकामाचा पैसा एकदाच लागतो, देखभालीचा कायम लागतो, आणि अंदाजपत्रकात पहिला आधी दिसतो. निदान मैदानांच्या बाबतीत एक साधी शिस्त लावता येईल. मुंबईच्या शिवाजी पार्कात खेळाव्यतिरिक्तच्या कार्यक्रमांना वर्षातील ४५ दिवसांची मर्यादा आहे. तशीच दिवसांची जाहीर वाटणी गांधी मैदान, मेरी वेदर आणि तपोवन मैदानांसाठी ठरवून फाटकावर लावली, भाड्याचे उत्पन्न त्याच मैदानावर खर्च करण्याचे बंधन घातले आणि मांडवाचे खड्डे बुजवण्यासाठी अनामत घेतली, तर खेळणाऱ्यांना कोणाच्या दारी जाण्याची गरज उरणार नाही. पाटाकडील, दिलबहार, खंडोबा, बालगोपाल या तालमींनी फुटबॉलच्या नावाने संघटन टिकवले आहे, त्यांना या वाटणीच्या समितीत जागा देणे उचित ठरेल. मात्र ज्यांना तालीम नाही, म्हणजे मुली, वृद्ध, बाहेरून आलेले कामगार, त्यांचाही प्रतिनिधी तिथे हवा. नाहीतर धनी म्हणवणारेच मक्तेदार होतात.

शहराची सर्वांत मोठी मोकळी जागा अजून मोकळी जागा म्हणून कोणी मोजत नाही. ती पंचगंगेच्या पूरक्षेत्रात आहे. जलसंपदा विभाग नदीकाठी दोन रेषा आखतो: सरासरी २५ वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची निळी आणि १०० वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची लाल. राजाराम बंधाऱ्यावर ४३ फूट ही धोक्याची पातळी आहे. २०१९ आणि २०२१ साली पाणी तिच्या दहा फुटांहून अधिक वर गेले. निळ्या रेषेच्या आत बांधकाम नको, हे आता तत्त्वतः सर्वांनाच मान्य आहे, परंतु रिकामी ठेवलेली जमीन भरावाच्या ट्रकांना आमंत्रण देते. तिथे खेळाची मैदाने, कुरणे, रोपवाटिका आणि पाण्यात तग धरणारी करंज, उंबर, जांभूळ यांसारखी झाडे असली, बाके गाळ धुऊन काढता येतील अशी दगडी असली आणि काँक्रीटचे कठडे टाळले, तर पुराच्या आठवड्यात जागा नदीची आणि उरलेल्या वर्षात लोकांची राहू शकते.

महापालिकेची हद्द ६६.८२ चौरस किलोमीटर आहे आणि २०११ च्या जनगणनेनुसार तीत ५,४९,२३६ लोक राहत होते. वाढ मात्र केव्हाच हद्दीबाहेर गेली आहे. २०१७ साली स्थापन झालेल्या कोल्हापूर क्षेत्र विकास प्राधिकरणात ४२ गावे आली. शंभर वर्षांपूर्वी पेठांमधल्या तळ्यांची जी स्थिती होती, तीच आज या गावांच्या गायरानांची, गावतळ्यांची आणि ओढ्यांची आहे: जमीन सामायिक, वापर कमी होत चाललेला आणि भाव वाढत चाललेला. हद्दवाढीचा वाद मिटेल तेव्हा मिटेल, पण या जमिनींची मोजणी करून त्यांच्या सीमा जागेवर दगड रोवून निश्चित करणे आणि त्यांचा वापर ग्रामसभेच्या ठरावाने नोंदवून ठेवणे, यासाठी त्या निकालाची वाट पाहण्याचे कारण नाही.