डब्यातले दूध आणि कागदी लिंबू

दुधात लिंबू पिळले की दूध नासते, हे मराठी घरातील लहान मुलालाही ठाऊक असते. तथापि पृथ्वीच्या दुसऱ्या अंगाला एक पक्वान्न असे आहे, की ज्याची सारी घडण दूध आणि लिंबू ह्यांच्या संयोगावरच उभी आहे.

अमेरिकेतील फ्लॉरिडा राज्याच्या दक्षिण टोकाशी लहान लहान बेटांची एक माळ समुद्रात शिरलेली आहे. स्पॅनिश भाषेत अशा बेटाला ‘कायो’ म्हणतात. त्यावरून इंग्रजीत ह्या बेटांना ‘कीज’ हे नाव पडले. तेथल्या ह्या पक्वान्नाला ‘की लाइम पाय’ म्हणतात. ‘पाय’ हा शब्द मराठी कानाला चमत्कारिक वाटेल. त्याचा अर्थ एवढाच, की पसरट भांड्यात कणकेचे वा बिस्किटांचे कवच करून त्यात सारण भरावयाचे.

ह्या बेटांवर ताजे दूध दुर्मिळ होते. शेवटच्या की वेस्ट बेटापर्यंत आगगाडी पोहोचली ती 1912 साली. 1935 च्या वादळाने तो लोहमार्ग उद्ध्वस्त केला, आणि सलग मोटाररस्ता झाला तो 1938 मध्ये. मात्र गेल बोर्डन ह्याने 1856 साली दूध आटवून टिकविण्याच्या कृतीचे पेटंट मिळविले होते. पुढे साखर घातलेले डब्यातले दूध बेटांवर येऊ लागले. परसात लिंबे होती, खुराड्यात कोंबड्या होत्या. ह्या तिहींतून हे पक्वान्न सिद्ध झाले.

त्याची कृती सोपी आहे. सुंठ, दालचिनी व लवंग घातलेली सुमारे 200 ग्रॅम कडक बिस्किटे बारीक कुटावीत, त्यांत 80 ग्रॅम वितळलेले लोणी मिसळावे, आणि तो भुगा भांड्याच्या तळाशी व कडांना घट्ट दाबून दहा मिनिटे भाजावा. चार अंड्यांचे पिवळे बलक, 400 ग्रॅम गोड आटीव दूध, अर्धा कप लिंबाचा रस व थोडी किसलेली साल एकजीव करून त्या कवचात ओतावी. भट्टीत 175 अंश सेल्सिअसला पंधरा मिनिटे ठेवून नंतर काही तास थंड होऊ द्यावे. पूर्वी हे सारण भाजतही नसत. कच्च्या अंड्याचा धोका ओळखून आज भाजतात.

मग दूध नासत कसे नाही? साध्या दुधात आंबट रस पडला की प्रथिनांच्या गुठळ्या होतात आणि पाणी वेगळे पडते. आटीव दुधात पाणी मुळातच थोडे व साखर विपुल. त्यामुळे प्रथिने एकमेकांत गुंतली तरी मिश्रण फुटत नाही, उलट मऊ व दाट होते. घरोघर जो नाश ठरतो, तोच येथे कामास येतो.

आणि ते लिंबू तरी कोणते? महाराष्ट्रात ज्याला पातळ सालीमुळे कागदी लिंबू म्हणतात, तेच. त्याचे मूळ आशियातले. अरबांनी ते पश्चिमेस नेले, स्पॅनिश लोकांनी समुद्रापार. 1926 च्या वादळाने दक्षिण फ्लॉरिडातील ह्या लिंबांच्या बागांची धूळधाण झाली. पुढे तेथे जाड सालीची, बिनबियांची दुसरी जात लावली गेली. आज बेटांच्या नावाचे हे लिंबू बहुतांशी मेक्सिकोतून येते. ताजे दूध आता बेटांवर मुबलक मिळते, परंतु कृतीतला डबा काही हटलेला नाही. आणि 2006 साली फ्लॉरिडाने ह्या पक्वान्नाला राज्याचे अधिकृत ‘पाय’ म्हणून मान दिला.

पाहुणे लिंबू आणि कारखान्यातले दूध ह्यांवर एखाद्या प्रांताने स्वत्वाचा हक्क सांगावा, ह्याचे मराठी माणसाला तरी नवल वाटू नये. त्याच्या एकादशीच्या खिचडीत साबुदाणा ज्या कंदापासून होतो तो कंद, शेंगदाणा, बटाटा आणि मिरची ही चारही मूळची अमेरिकेची. तरीही ती खिचडी परकी आहे, असे कोणत्याही आजीला कधी वाटलेले नाही.