हजेरीपटावरची माणसं



आजचा विषय भ्रष्टाचार. हा शब्द उच्चारला की ऐकणाऱ्याचा चेहरा कसा होतो, ते मला माहीत आहे. ‘यात नवीन काय सांगणार?’ असा. आपण सगळ्यांनी कुठे ना कुठे चिरीमिरी दिलेली असते, निदान कुणाला तरी देताना पाहिलेली असते. म्हणून आज मी त्या चिरीमिरीबद्दल बोलणार नाही. मी एका कागदाबद्दल बोलणार आहे. त्या कागदाचं नाव हजेरीपट. रोजगार हमीच्या कामावर गेलेली माणसं त्याला नुसतं ‘मस्टर’ म्हणतात.

हा कागद मला लहानपणापासून ठाऊक आहे, कारण माझे वडील हजेरी सहाय्यक होते. १९७२ च्या दुष्काळात महाराष्ट्रात हजारो माणसं सरकारी कामांवर खडी फोडायला आणि माती वाहायला गेली. त्याच काळात वि. स. पागे यांच्या कल्पनेतली रोजगार हमी योजना मोठी झाली आणि १९७७ मध्ये तिचा कायदा झाला. मागेल त्याला काम देणं ही सरकारची जबाबदारी आहे, असं म्हणणारा तो कायदा होता. आजही मला त्याचा अभिमान वाटतो. ऐंशीच्या दशकात आमच्या दुष्काळी तालुक्यात त्याच योजनेतून पाझर तलाव झाले, नालाबांध झाले, रस्ते झाले. वडील सकाळी सायकलवरून कामावर जायचे आणि मजुरांची नावं लिहून घ्यायचे.

निवृत्तीनंतर कितीतरी वर्षांनी, एका संध्याकाळी मी त्यांना सहज विचारलं, “दादा, तुम्ही कधी खोटी नावं लिहिलीत का?”

ते बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, “लिहिली. पहिल्या पंधरवड्याला हात थरथरला. दुसऱ्या पंधरवड्याला नाही थरथरला.”

आज मी जे बोलणार आहे, ते या उत्तरातून निघालं आहे.

आधी हे चालतं कसं, ते पाहू. सरकारी कामाचा एक ठरलेला प्रवास असतो. अंदाजपत्रक, मंजुरी, मग काम सुरू. कामावर कोण आलं ते हजेरीपटात. किती काम झालं ते मोजमाप पुस्तकात. दोन्हींवरून देयक तयार होतं आणि देयकावरून पैसे निघतात. प्रत्येक टप्प्यावर वेगळ्या माणसाची सही लागते. ही रचना चोरी होऊ नये म्हणूनच केलेली आहे. एकाने खोटं लिहिलं तर दुसरा पकडेल, हा त्यामागचा विचार.

पण दुसऱ्यालाही वाटा मिळाला तर? मग तीच रचना उलटी फिरते. चार सह्या लागतात म्हणून चार वाटे पडतात. त्यालाच आपण टक्केवारी म्हणतो. टक्केवारीचं वैशिष्ट्य असं की तिच्यात कागद कधीच अपुरा नसतो. गरीब, प्रामाणिक माणसाच्या फायलीत एखादा दाखला कमी पडतो. टक्केवारीच्या फायलीत सगळे दाखले असतात, सगळे शिक्के असतात. एकच गोष्ट नसते. कागदावर जे लिहिलं आहे, ते जमिनीवर नसतं.

लाच आणि हा प्रकार यांत एक मोठा फरक आहे. लाच मागितली तर ज्याच्याकडे मागितली त्याला ते कळतं. तो चिडतो, निदान घरी येऊन सांगतो. पण हजेरीपटावर ज्या बाईचं खोटं नाव लागलं, तिला ते कळतच नाही. ती त्या दिवशी लेकीच्या बाळंतपणाला गेलेली असते. तिच्या नावाने मजुरी निघते, अंगठा उठतो, आणि तिला पत्ता नसतो. असा गुन्हा तक्रारीवर कसा पकडणार? तक्रार करायला आधी माहिती हवी.

ही गोष्ट राजस्थानातल्या मजुरांनी ओळखली. १९८७ मध्ये अरुणा रॉय, निखिल डे आणि शंकर सिंह राजसमंद भागातल्या देवडुंगरी या खेड्यात एका साध्या घरात राहायला गेले. अरुणाताईंनी १९७५ मध्येच आयएएसची नोकरी सोडली होती. १ मे १९९० रोजी तिथल्या शेतकरी-मजुरांची ‘मजदूर किसान शक्ती संघटना’ उभी राहिली. सुरुवातीचा प्रश्न होता किमान मजुरीचा. दिवसभर राबूनही कायद्याने ठरलेली मजुरी हातात पडत नव्हती. विचारायला गेलं की उत्तर ठरलेलं: “तुम्ही काम कमी केलंत. मोजमापात तसं लिहिलं आहे.” मजूर म्हणाले, “मग ते मोजमाप दाखवा.” उत्तर आलं, “तो सरकारी कागद आहे. दाखवता येत नाही.”

आपल्याकडे १९२३ चा शासकीय गुपितांचा कायदा होता, आणि अजून आहे. इंग्रजांनी तो हेरगिरीच्या धास्तीने केला. पण त्याची सावली खेड्यातल्या मजुरीच्या कागदावरही पडली होती. ज्याने माती उचलली, त्यालाच त्या मातीचा हिशेब गुप्त!

मग २ डिसेंबर १९९४ रोजी पाली जिल्ह्यातल्या कोटकिराना गावात पहिली जनसुनवाई झाली. बांधणी अगदी साधी. गावकरी जमले, माईक लावला आणि मिळवलेले कागद मोठ्याने वाचले. अमुक काम, अमुक तारखा, मजूर अमुक अमुक. माणसं उठून सांगू लागली, “मी त्या कामावर कधी गेलोच नाही.” पटवारघराची इमारत कागदावर पूर्ण झाली होती. गावाला दिसत होतं की तिच्यावर छत नाही.

इथे जरा थांबून विचार करा. त्या दिवशी तिथे न्यायाधीश नव्हता, पोलीस नव्हते, तपास यंत्रणा नव्हती. होता तो फक्त कागद आणि त्या कागदावरची माणसं. ही दोन एकत्र आली आणि खोटं उभं राहू शकलं नाही. इतकी वर्षं ते टिकलं, कारण या दोघांची कधी भेटच होऊ दिली नव्हती.

पुढे मागणी स्पष्ट झाली: हजेरीपट आणि देयकांच्या प्रती द्या. ‘हमारा पैसा, हमारा हिसाब’ ही घोषणा त्या काळातली. १९९५ मध्ये मुख्यमंत्री भैरोसिंह शेखावत यांनी विधानसभेत प्रती देण्याचं आश्वासन दिलं. वर्ष गेलं, आदेश निघाला नाही. ६ एप्रिल १९९६ पासून ब्यावर शहरात धरणं सुरू झालं. ते ४० दिवस चाललं. गावांतून मजूर यायचे, आणि शहरातले भाजीवाले, छोटे व्यापारी त्यांना मदत करायचे. १९९७ मध्ये जयपूरला पुन्हा धरणं धरलं, ५३ दिवस. त्याच्या शेवटी सरकारने जे सांगितलं, ते ऐकून हसावं की रडावं कळत नाही. पंचायतीच्या कागदांच्या प्रती देण्याची अधिसूचना सहा महिन्यांपूर्वीच काढलेली आहे, असं सरकार म्हणालं! माहिती देण्याचा आदेश निघाला होता, पण ती माहितीच कुणाला नव्हती.

तिथून पुढचा रस्ता आपल्याला माहीत आहे. तमिळनाडू आणि गोव्याने १९९७ मध्ये कायदे केले. महाराष्ट्रात अण्णा हजारे यांच्या आंदोलनानंतर आधीचा कमकुवत कायदा जाऊन नवा आला. आणि १२ ऑक्टोबर २००५ पासून देशभर माहितीचा अधिकार लागू झाला. दहा रुपयांत अर्ज, तीस दिवसांत उत्तर, आणि विनाकारण उशीर केला तर अधिकाऱ्याला दिवसाला २५० रुपये, जास्तीत जास्त २५,००० रुपये दंड. त्याच वर्षी केंद्राचा रोजगार हमी कायदा आला आणि त्यात ग्रामसभेने सामाजिक अंकेक्षण करावं, ही तरतूद लिहिली गेली. कोटकिरानात जे झालं, ते कायद्याच्या पुस्तकात गेलं.

मग सगळं नीट झालं का? नाही. त्याची तीन कारणं सांगते.

पहिलं. कागद बदलला, खोटं बदललं नाही. मजुरी बँकेत जाऊ लागली. हजेरी मोबाइलवर आली, कामावरच्या मजुरांचा फोटो काढून लगेच चढवायचा. वाटलं, आता खोटं नाव कसं लावणार? जुलै २०२५ मध्ये केंद्रीय ग्रामविकास मंत्रालयानेच राज्यांना लिहून कळवलं की कामाशी संबंध नसलेले फोटो चढवले जात आहेत, फोटोचाच फोटो काढून हजेरी लावली जाते आहे. यंत्र फक्त लिहून घेतं. जे लिहिलं ते खरं की खोटं, हे गावच सांगू शकतं.

दुसरं. विचारणाऱ्याचा जीव. झारखंडच्या पलामू जिल्ह्यात रोजगार हमीच्या सामाजिक अंकेक्षणाच्या कामात असलेल्या ललित मेहता यांचा मे २००८ मध्ये खून झाला. जानेवारी २०१० मध्ये पुण्याजवळ तळेगाव दाभाडे इथे जमीन घोटाळ्यांचे कागद बाहेर काढणारे सतीश शेट्टी मारले गेले. अशा माणसांना संरक्षण देणारा कायदा संसदेने २०१४ मध्ये संमत केला, राष्ट्रपतींची सहीही झाली. तो लागू करणारी अधिसूचना मात्र वर्षानुवर्षं निघाली नाही. म्हणजे तो कायदाही कागदावर पूर्ण, आणि छत नाही.

तिसरं कारण सगळ्यात शांतपणे आलं. २०१९ मध्ये माहिती आयुक्तांचा कार्यकाळ आणि वेतन ठरवण्याचा अधिकार केंद्र सरकारने स्वतःकडे घेतला. २०२३ मध्ये डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायदा झाला आणि त्यातून माहिती अधिकाराचं एक कलम बदललं. पूर्वी असं होतं की वैयक्तिक माहितीचा सार्वजनिक कामाशी संबंध नसेल, किंवा ती दिल्याने विनाकारण खाजगीपणावर घाला येत असेल, तर ती नाकारता येई. नव्या शब्दांत या अटी गेल्या. माहिती वैयक्तिक आहे, इतकंच नाकारायला पुरे.

यावर सरकारचं म्हणणंही ऐकायला हवं. खाजगीपणा हा मूलभूत हक्क आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये सांगितलं, आणि ते योग्यच आहे. मजूर बाईचा बँक खाते क्रमांक माईकवरून कुणी वाचू नये, तिच्या आजाराची माहिती कुणी मागू नये. शिवाय सार्वजनिक हित मोठं असेल तर माहिती द्यावी, असं दुसरं कलम अजून शिल्लक आहे, हेही खरं. पण हित मोठं की छोटं हे पहिल्यांदा तोलणार कोण? तेच कार्यालय, ज्याचा कागद आपण मागतो आहोत.

आणि हजेरीपट म्हणजे तरी काय? नावांची यादी. नाव, दिवस, रक्कम. त्यातून नावं काढली तर उरतो कोरा तक्ता. “या कामावर ४० मजूर होते” असं सांगितलं तर गावातला कोण उठून म्हणेल, “त्यात मी नव्हतो”? कोटकिरानाची ताकद त्या नावांत होती.

आता आपल्या हातात काय आहे ते सांगते, कारण नुसती हळहळ घेऊन तुम्ही उठावं असं मला वाटत नाही. अर्ज करताना ‘का केलं नाही’ असं विचारू नका. मत मागितलं की टोलवता येतं. कागद मागा: हजेरीपटाची प्रत, मोजमाप पुस्तकाची प्रत, देयक. कारण सांगण्याची गरज नाही, कायद्यानेच तसं म्हटलं आहे. प्रत मागण्याऐवजी कार्यालयात जाऊन कागद पाहताही येतात. रस्त्याच्या डांबराचा प्रमाणित नमुनासुद्धा मागता येतो. उत्तर आलं नाही तर तिथल्याच वरिष्ठाकडे पहिलं अपील आणि मग आयोगाकडे दुसरं. मी स्वतः इंदूरला राहते, आणि आपल्यापैकी कितीतरी जण महाराष्ट्राबाहेर आहेत, म्हणून एक सांगते: अर्ज हिंदीत, इंग्रजीत किंवा त्या भागाच्या राजभाषेत करता येतो. मराठीतला अर्ज परराज्यात अडू शकतो, तेवढी काळजी घ्या. आणि एकट्याने करू नका. चार-पाच जणांनी मिळून करा. एकट्या नावाला धमकावणं सोपं असतं.

शेवटी पुन्हा वडिलांकडे येते. त्या संध्याकाळी मी त्यांना विचारलं होतं, “तुम्हाला नाही म्हणता आलं नसतं का?”

ते म्हणाले, “एकदा म्हणालो होतो. साहेबांनी विचारलं, कोण बघणार आहे? माझ्याकडे उत्तर नव्हतं. कुणी बघणार असतं ना, तर मी म्हणालो असतो, साहेब, पुढच्या महिन्यात हे गावात वाचणार आहेत, मला जमणार नाही.”

तोवर मला वाटायचं की जनसुनवाई मजुरांसाठी असते. ती हजेरी लिहिणाऱ्यासाठीही असते, हे त्या दिवशी कळलं. प्रत्येक कार्यालयात एखादा माणूस असतो, ज्याचा हात अजून थरथरतो. त्याला वरिष्ठांना नाही म्हणायला एक निमित्त हवं असतं. आपला दहा रुपयांचा अर्ज हे ते निमित्त आहे.

वडिलांना ते मिळालं नाही. त्यांच्या जागी आज जो बसला आहे, त्याला आपण देऊ शकतो.