नदीच्या हिशेबात बाई कुठे?

(तिसगाव येथील महिला मेळाव्यात केलेले भाषण)



आपल्या नळाला येतं ते मुळा धरणाचं पाणी. मुळा आणि प्रवरा, दोघी अकोले तालुक्याच्या डोंगरातल्या. एक हरिश्चंद्रगडाकडची, दुसरी रतनगडाची. नेवासे तालुक्यात त्या एक होतात आणि पुढे गोदावरीला मिळतात. आज मी प्रवरेबद्दल बोलणार आहे, कारण पाण्याबरोबर विजेचाही हिशेब तिच्यावर मांडला गेला आहे.

उगमाजवळ घाटघर. इथे 2008 पासून 250 मेगावॅटचं वीजकेंद्र आहे. रात्री विजेची मागणी उतरली की घाटाखालचं, शहापूर तालुक्यातल्या चोंढ्याचं पाणी पंपाने वर चढवतात. मागणी वाढली की तेच खाली सोडून वीज करतात. म्हणजे पाणी डोंगर चढवायला सरकारकडे यंत्र आहे, पैसा आहे. उन्हाळ्यात आपल्या वाड्यावस्त्यांवर मात्र ते बाईच्या डोक्यावरूनच चढतं. त्या कष्टाची नोंद कुठल्याच वहीत नाही.

त्याखाली भंडारदरा, 1926 साली पुरं झालेलं, 11 टीएमसीचं. त्यावर 12 आणि 34 मेगावॅटची दोन वीजघरं. वीज करून पाणी संपत नाही, ते खाली शेतीला जातं. खालच्यांना ऊस मिळाला, शहरांना दिवे मिळाले. वर डोंगरातल्या आदिवासी आणि शेतकरी कुटुंबांच्या जमिनी बुडाल्या.

जमीन जाते तेव्हा साहेब सातबारा बघतो. त्यावर बाईचं नाव क्वचितच असतं, म्हणून भरपाई पुरुषाच्या हाती पडते. सरपणाचं रान, पाणवठा, माहेरची वाट, यांना सातबाराच नाही. 1979च्या नर्मदा लवादाने सज्ञान मुलगा वेगळं कुटुंब धरला, सज्ञान मुलगी नाही. 2013च्या भूसंपादन कायद्यात सज्ञान बाईही स्वतंत्र कुटुंब झाली. विधवा, घटस्फोटित, टाकलेल्या बायकांचाही त्यात उल्लेख आला. मधली 34 वर्षं कुणाच्या वाट्याची गेली?

धरणाखालीही तेच. 2005च्या कायद्याने पाणी वापर संस्था झाल्या, पण सभासद कोण? ज्याच्या नावे जमीन तो. पाणी भरणारी, दारं धरणारी बाई बाहेरच.

म्हणून तीन कामं घेऊन घरी जाऊ. घरच्या सातबाऱ्यावर आपलं नाव आहे का ते तलाठ्याकडे बघायचं. नसेल तर लावून घ्यायचं. महिला ग्रामसभेत पाण्याच्या वाटपाचा ठराव मांडायचा. आणि अकोल्याच्या बायका पुनर्वसनासाठी बसतील तेव्हा त्यांच्या शेजारी जाऊन बसायचं. त्यांच्या डोंगरातूनच आपलं पाणी येतं.