जन्मतारखेची सोडत

जन्मतारखेची गोटी निघाली की पलटणीत भरती! ऑस्ट्रेलियात हे खरोखर घडलं. व्हिएतनाम युद्धाच्या काळात, १९६२ मध्ये, या देशाने दक्षिण व्हिएतनामला जेमतेम ३० लष्करी सल्लागार धाडले. पुढे सैन्य अपुरं पडू लागलं, तेव्हा १९६५ पासून २० वर्षांच्या तरुणांसाठी ही सोडत सुरू झाली. अगदी आपल्या भिशीसारखी. फक्त नंबर लागू नये, अशी प्रार्थना करायची.

१८ ऑगस्ट १९६६. दक्षिण व्हिएतनाममधला लाँग तानचा रबराचा मळा, धो धो पाऊस. १०८ जणांच्या तुकडीने शत्रूच्या कितीतरी मोठ्या फौजेला थोपवलं. त्या लढाईत १८ ऑस्ट्रेलियन कामी आले. साऱ्या युद्धात सुमारे ६०,००० ऑस्ट्रेलियन सेवेत होते, त्यांतले ५०० हून अधिक दगावले. परतलेल्या सर्वांसाठी मिळून मोठं स्वागत-संचलन सिडनीत निघालं, तेव्हा १९८७ उजाडलं होतं.