खाद्यउद्योगाचा पैसा कुठे मुरतो?



देशाच्या अर्थव्यवस्थेत खाद्य आणि पेय उद्योगाचं स्थान, हा विषय मला दिला आहे. त्यावर बोलायला मुरबाड तालुक्यातल्या म्हसा गावाइतकी योग्य जागा नाही. पौष पौर्णिमेला खांबलिंगेश्वराची यात्रा भरते. नाव बैलबाजाराचं होतं, पण बैल घेणारे थोडे. घोंगडी, विळा-कोयता, टोपली घेणारे त्याहून जास्त. आणि भजी, मिठाई, चहा, उसाचा रस? ते आलेला प्रत्येक माणूस घेतो. कुणी घाटावरून येतो, कुणी कल्याणहून, आणि कढई चढवतो. त्याला दूध लागतं, जळण लागतं, पाणी भरायला आणि भांडी घासायला माणसं लागतात, रात्री मालाची राखण करायला कुणी लागतं. इतक्या हातांना इतक्या लवकर काम देणारा दुसरा धंदा नाही, आणि त्यासाठी भांडवलही फारसं लागत नाही.

देशाच्या पातळीवरही हेच दिसतं. नोंदणी झालेल्या कारखान्यांत काम करणाऱ्या साधारण दर आठ माणसांतला एक खाद्यपदार्थांच्या कारखान्यात असतो. याहून मोठं जग नोंदणीबाहेरचं आहे: पिठाच्या गिरण्या, तेलघाणे, पोह्यांच्या भट्ट्या, पापड-लोणच्याचे घरगुती धंदे. २०१५-१६ च्या राष्ट्रीय नमुना पाहणीत असे सुमारे २५ लाख उद्योग आणि त्यांत ५१ लाख माणसं मोजली गेली. त्यांपैकी दोन तृतीयांश उद्योग खेड्यांत आहेत आणि त्यांतले बहुतेक एका कुटुंबाच्या बळावर चालतात. पोलादाबद्दल, मोटारींबद्दल आपण वर्तमानपत्रात रोज वाचतो. या २५ लाख उंबरठ्यांबद्दल फार कमी लिहिलं जातं, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

आता खर्चाची बाजू बघू. केंद्र सरकारच्या घरगुती खर्चाच्या पाहणीनुसार १९९९-२००० साली खेड्यातलं कुटुंब १०० रुपये खर्च करत असेल, तर त्यांतले २२ रुपये धान्यावर जात. २०२२-२३ मध्ये ते ५ रुपयांवर आले. पैसा गेला कुठे? थोडा शिक्षणावर, थोडा मोबाईलवर, थोडा गाडीच्या तेलावर. पण खाण्याच्या खर्चातच एक नवा डोंगर उभा राहिला: पेयं, फराळाचे पदार्थ आणि तयार अन्न. चहा, बिस्किटं, फरसाण, वेफर्सची पाकिटं, थंड पेयं, हॉटेलातला वडापाव, हे सगळं त्यात आलं. २०२३-२४ मध्ये ग्रामीण भारतात दर माणशी महिन्याचा खर्च सरासरी ४,१२२ रुपये होता आणि त्यातला जवळजवळ १० टक्के भाग या एका खात्यात गेला. म्हणजे माणशी महिन्याला ४०० रुपये.

हा हिशेब आपल्या दारात आणू. २०११ च्या जनगणनेत मुरबाड तालुक्याची लोकसंख्या सुमारे १ लाख ९० हजार होती, शहापूरची सुमारे ३ लाख १४ हजार. दोन्ही मिळून ५ लाख माणसं. माणशी ४०० रुपये धरले तर महिन्याला २० कोटी, वर्षाला २४० कोटी. ही देशाची सरासरी आहे. आपल्याकडच्या कातकरी, ठाकूर, महादेव कोळी पाड्यांवर एवढा पैसा नसतो, म्हणून निम्माच धरू. तरी वर्षाला १२० कोटी रुपये या दोन तालुक्यांतले लोक तयार खाण्यापिण्यावर खर्च करतात. त्यातलं हॉटेलवाल्याचं, वडापावच्या गाडीचं उत्पन्न इथे राहतं. बिस्किटाच्या पुड्याचं, वेफर्सच्या पाकिटाचं, बाटलीतल्या पेयाचं काय? दुकानदाराच्या हाती थोडी दलाली राहते, बाकी सगळं बाहेर जातं.

आपला पाऊस असाच आहे. चार महिने कोसळतो, ओढ्यांनी नदीला, नदीनं समुद्राला मिळतो, आणि एप्रिल उजाडला की पाड्यांवर टँकर लागतो. पडलं किती यावर समृद्धी ठरत नाही, मुरलं किती यावर ठरते.

आणि पैसा असा वाहून जाणं आजचं नाही. मुरबाड तालुक्यातल्या वैशाखऱ्यावरून वर चढलं की नाणेघाट लागतो. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी सातवाहनांच्या काळात कल्याण-सोपाऱ्याच्या बंदरांतला माल याच वाटेनं जुन्नरला जाई आणि घाटावरचा माल याच वाटेनं खाली उतरे. माथ्यावर सातवाहन राणी नागनिकेचा लेख आहे आणि दगडी रांजण आहे. जकातीचं नाणं त्यात टाकत, असं पिढ्यानपिढ्या सांगितलं जातं. जकात माथ्यावर जमली, नफा बंदरात आणि पेठेत झाला. मधल्या वाटेवर आपले पूर्वज ओझी वाहत होते. आज ओतूर-नारायणगावचा भाजीपाला माळशेज उतरून मुरबाडवरून कल्याणला, वाशीला जातो. आपली भेंडीही त्याच रस्त्याला लागते. तीही परदेशी पाठवणाऱ्या व्यापाऱ्याच्या मापात बसली तर, नाहीतर पडेल भावानं. भेंडीनं भाताच्या खाचरात उन्हाळी पैसा आणला, हे मी आनंदानं मान्य करतो. पण निवड, पॅकिंग, शीतगृह हे सगळं वाशीकडे आहे.

पेय उद्योगाबद्दल बोलायचं तर मला मोहाबद्दल बोललंच पाहिजे, कारण ठाणे जिल्ह्यातला सर्वांत जुना पेय उद्योग मोहाचा आणि ताडीचा. पूर्वी मोहाची भट्टी पाड्यावर लागायची. १८७८ साली मुंबई इलाख्याचा अबकारी कायदा आला आणि दारू गाळण्याचा, विकण्याचा हक्क मक्तेदारांकडे गेला. ठाणे जिल्ह्याच्या दुकानांत उरणच्या भट्ट्यांची दारू येऊ लागली. ताडाच्या झाडावरचा करही चढत गेला आणि त्याविरुद्ध जिल्ह्यात मोठा असंतोष उसळला. एवढ्यावर थांबलं नाही. घरोघर मोहफुलं आहेत तोवर चोरून भट्टी लागणार, असा विचार करून १८९२ साली खास मोहफुलांसाठी कायदा झाला आणि तो ठाणे-कुलाबा जिल्ह्यांसाठी होता. मोहफुलं वेचण्यावर आणि साठवण्यावर बंधनं आली.

या कायद्यानं काय केलं ते नीट समजून घ्या. मोहफूल हे दारूच्या आधी अन्न आहे. ते वाळवून ठेवायचं आणि टंचाईच्या दिवसांत उकडून, भाजून, नाचणीबरोबर खायचं. सरकारच्या महसुलासाठी पाड्यावरचा दारूचा धंदा मोडला आणि त्याच फटक्यात पाड्याची शिदोरीही गुन्ह्याच्या कक्षेत गेली. झाड आदिवासीच्या दारात, मक्ता मक्तेदाराचा, भट्टी उरणला, महसूल सरकारला. दारूनं उद्ध्वस्त झालेली घरं या तालुक्यात मी पाहिली आहेत, त्यामुळे दारूची बाजू मी घेणार नाही. माझा राग आहे तो कच्चा माल आणि उद्योग यांची फारकत कायद्यानं केली, त्यावर. २०२१ साली महाराष्ट्र सरकारनं आदिवासींसाठी मोहफुलं गोळा करण्यावरची आणि साठवण्यावरची बंधनं सैल केली. सव्वाशेहून अधिक वर्षं लागली त्याला.

भाताकडे वळू. २०२५-२६ च्या हंगामासाठी साध्या भाताचा हमीभाव क्विंटलला २,३६९ रुपये होता. एक क्विंटल भात भरडलं की साधारण ६५ किलो तांदूळ निघतो, २० किलो तूस, आठेक किलो कोंडा. तुसावर बॉयलर चालतो, कोंड्यापासून खाद्यतेल निघतं, कणीचं पीठ होतं. आपण पोत्यात भात भरून विकतो तेव्हा हे सगळं एकाच भावात देऊन मोकळे होतो. शेजारच्या वाडा तालुक्यानं काय केलं? तिथल्या कोलम तांदळाला २०२१ साली भौगोलिक मानांकन मिळालं आणि तांदळाचं नाव म्हणजेच भाव झाला. रायगडातल्या पेणनं काय केलं? पोहे आणि पापड केले. पेणचा तांदूळ आपल्यापेक्षा काही न्यारा नाही. पेणच्या बायकांनी आणि व्यापाऱ्यांनी पोह्याचा, पापडाचा दर्जा सांभाळला आणि पेणचं नाव मुंबईच्या वाण्याच्या तोंडी बसवलं.

नाव टिकवायचं तर दर्जाची शिस्त लागते. १९५९ साली गिरगावात सात जणींनी ८० रुपये उसने घेऊन पापड लाटायला सुरुवात केली, ती लिज्जत. तिथे पीठ एका ठिकाणी मळलं जातं, लाटणं घरोघर होतं आणि पापड परत घेताना तपासला जातो. त्यामुळे हजारो घरांत लाटलेला पापड एकाच चवीचा लागतो. आपले बचतगट कष्टात कुठेही कमी नाहीत. कमी पडते ती ही तपासणी. गेल्या खेपेचं लोणचं आणि या खेपेचं लोणचं वेगळं लागलं की गिऱ्हाईक पुन्हा येत नाही. हे मी बचतगटांतल्या ताईंना तोंडावर सांगत आलो आहे आणि त्यांनी ते कधी वाईट वाटून घेतलं नाही.

दुधाचं उदाहरण तर मुंबईशीच जोडलेलं आहे. १९४५ साली मुंबईला दूध पुरवण्याची सरकारी योजना सुरू झाली आणि गुजरातेतल्या खेडा जिल्ह्यातून दूध आणण्याचं काम पोल्सन कंपनीकडे गेलं. भाव कंपनी ठरवणार, शेतकऱ्यानं दूध घालायचं. शेतकऱ्यांनी पंधरा दिवस दूध घातलंच नाही. डिसेंबर १९४६ मध्ये त्यांचा सहकारी संघ नोंदला गेला आणि त्यातूनच अमूल उभं राहिलं. अमूलचं आणंद मुंबईपासून चारशे किलोमीटरवर आहे, म्हसा शंभराच्या आत. गिऱ्हाईक जवळ असणं पुरेसं नसतं, हे यातून मी शिकलो. दूध थंड करणारं आणि लोणी काढणारं यंत्र कुणाच्या मालकीचं आहे, त्यावर सगळं ठरतं.

पाण्याबद्दल दोनच वाक्यं बोलतो, कारण हे दुःख तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे. तानसा १८९२ पासून मुंबईला पाणी देतो, पुढे वैतरणा आली, भातसा आली. मुंबईतला प्रत्येक चहा, प्रत्येक सरबत, प्रत्येक हॉटेल या पाण्यावर उभं आहे आणि धरणाच्या उशाशी असलेले शहापूरचे पाडे उन्हाळ्यात हंडे घेऊन बसतात.

आता माणसं. भात झोडून झालं की कातकरी कुटुंबं उचल घेऊन भिवंडीकडच्या, कल्याणकडच्या वीटभट्ट्यांवर जातात. मुलांच्या शाळा सुटतात, आणि वर्षअखेरीस उचल फिटलेली नसते. शेती चार-पाच महिनेच काम देते म्हणून हे होतं. प्रक्रिया उद्योग नेमके उरलेले महिने भरून काढतो: भात पौषात भरडायचं, मोह फाल्गुन-चैत्रात, करवंद, कैरी आणि जांभूळ वैशाखापासून मृगापर्यंत. हे होऊ शकतं याचा पुरावा शहापुरातच आहे. तिथल्या कातकरी तरुणांनी संस्था उभारली, वनधन योजनेचा आधार घेतला, जंगलातली गुळवेल वाळवून, पूड करून मोठ्या औषध कंपन्यांना विकली.

साधनं कोणती, ते सांगतो. २००६ च्या वनहक्क कायद्यानं गौण वनोपजावर गावाची मालकी मान्य केली आहे. शहापूर आणि मुरबाडच्या आदिवासी गावांत पेसा कायदा लागू आहे, तिथे ग्रामसभेचा ठराव वजनदार ठरतो. २०२० साली केंद्र सरकारनं सूक्ष्म अन्नप्रक्रिया उद्योगांसाठी प्रधानमंत्र्यांच्या नावाची योजना आणली. तिच्यात प्रकल्पाच्या ३५ टक्के, कमाल १० लाख रुपयांपर्यंत अनुदान ठेवलं, बचतगटाच्या प्रत्येक सदस्याला ४० हजारांपर्यंत बीजभांडवल ठेवलं. ती आज कोणत्या टप्प्यावर आहे, हे तालुका कृषी कार्यालयात विचारा. उलाढाल लहान असेल तर अन्नसुरक्षा कायद्याखाली साधी नोंदणी पुरते. बँकेच्या दारात फेऱ्या घालाव्या लागतील, त्या घालाव्यात.

माझी सूचना फार मोठी नाही. भातगिरणी आणि मोहाचं लहान केंद्र, एवढ्यापासून म्हशाच्या आसपासच्या चार-पाच गावांनी सुरुवात करावी आणि दोन्हींची मालकी सभासदांची असावी. मोहाचा लाडू, मोहाचा पाक, मोहट्यांचं, म्हणजे मोहाच्या बियांचं, तेल यांना मुंबईत मागणी येऊ शकते, पण माती लागलेलं फूल खाण्याच्या मालात कुणी घेणार नाही. झाडाखाली जाळी बांधून फूल वरच्यावर झेलावं लागतं आणि स्वच्छ ताडपत्रीवर वाळवावं लागतं. मोह फाल्गुनात टपकायला लागेल. ग्रामसभेचा ठराव, नोंदणीचा अर्ज आणि जाळ्यांची खरेदी ही तिन्ही कामं माघ संपण्याच्या आत करावी लागतील.