मुहम्मदी बेगम : वीस वर्षांची संपादक



मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे, साहित्याचा अभ्यासक नाही. तरी आज एका संपादकाविषयी बोलणार आहे. इंजिनिअरिंगची पदवी हातात पडेपर्यंत मी तिचं नाव एकदाही ऐकलं नव्हतं. तुमच्यापैकीही बऱ्याच जणांनी ऐकलं नसेल. तिचं नाव मुहम्मदी बेगम.

१ जुलै १८९८ रोजी लाहोरहून 'तहजीब-ए-निस्वाँ' हे उर्दू साप्ताहिक सुरू झालं. ते बायकांसाठी होतं आणि संपादकही बाईच होती. वय अवघं वीस. शाळेत गेलेली नव्हती, पडद्यात राहणारी होती. मोठी बहीण लग्न होऊन सासरी गेली, तिला पत्र लिहिता यावं म्हणून ही मुलगी लिहायला शिकली. १८९७ मध्ये सय्यद मुमताज अली यांच्याशी तिचं लग्न झालं. ते विधुर होते, पहिल्या पत्नीची दोन मुलं घरात होती. मुलं, स्वयंपाकघर आणि प्रुफं तिने एकाच वेळी सांभाळली, त्यात अरबी-फारसीही शिकली.

मुमताज अली देवबंदला शिकलेले. 'हुकूक-ए-निस्वाँ' या पुस्तकात त्यांनी बायकांच्या हक्कांची बाजू कुरआनच्याच आधारे मांडली. त्याचं हस्तलिखित त्यांनी सर सय्यद अहमद खान यांना दाखवलं, तेव्हा सर सय्यद इतके भडकले की त्यांनी ते फाडून टाकलं. अलिगढचं कॉलेज उभारणाऱ्या माणसाची ही प्रतिक्रिया, तर बाकीच्यांची काय असेल?

ती लवकरच कळली. सुरुवातीचे अंक ओळखीपाळखीच्या, प्रतिष्ठित घरांत फुकट पाठवले होते. त्यातले कितीतरी परत आले, वेष्टनावर शिव्या लिहून. तीन महिन्यांनी वर्गणीदार होते साठ-सत्तर. तीन-चार वर्षांनीही आकडा तीन-चारशेच्या पुढे गेला नव्हता. पण पुढच्या आठवड्याचा अंक निघत राहिला.

मला तिचं मोठेपण मात्र दुसऱ्याच गोष्टीत दिसतं. तिने स्वतः पुस्तकं लिहिलीच, पण ज्यांना कुणी लेखक मानत नव्हतं त्यांच्याकडून लिहून घेतलं. लाहोरच्या एका मुलींच्या शाळेत अशरफुन्निसा नावाच्या वयस्कर शिक्षिका होत्या, लोक त्यांना बीबी अशरफ म्हणत. त्यांच्या लहानपणी घरात मुलींना वाचायला परवानगी होती, लिहायला नाही. मुलगी लिहायला लागली तर कुणाला चिठ्ठ्या पाठवेल, ही भीती. बीबी अशरफ तव्याच्या काजळीची शाई करून चोरून लिहायला शिकल्या. ही हकीकत त्यांच्याच शब्दांत १८९९ मध्ये 'तहजीब-ए-निस्वाँ'मध्ये आली. त्या वारल्यावर मुहम्मदी बेगमनी त्यांचं चरित्रही लिहिलं.

आपल्या मुंबईचाही या साप्ताहिकाशी धागा आहे. तय्यबजी घराण्यातल्या अतिया फैजी १९०६ मध्ये शिक्षणासाठी लंडनला गेल्या. त्यांची तिथली रोजनिशी १९०७ मध्ये याच साप्ताहिकातून क्रमशः छापून आली. पंजाबातल्या पडद्यातल्या बाईला मुंबईच्या मुसलमान मुलीच्या नजरेतून लंडन दिसलं. हे टपालाने घडलं आणि एका संपादकामुळे घडलं.

१९०५ मध्ये तिने मातांसाठी 'मुशीर-ए-मादर' हे मासिकही काढलं. १९०८ मध्ये सिमल्यात ती गेली. वय तीस. साप्ताहिकाचं संपादन पुढे वहिदा बेगम यांनी केलं. ही तीच सावत्र मुलगी, जिला तिने वाढवलं होतं. साप्ताहिक त्यानंतरही चार दशकं चाललं.

तिला मर्यादाही होत्या. साप्ताहिक मुख्यतः शरीफ म्हणवणाऱ्या घरांसाठी होतं. कष्टकरी बाई त्यात लिहिताना क्वचितच दिसते. पडदा मोडा, असंही ती सांगत नव्हती. आपण तिची पूजा करायची गरज नाही.

पण आज आपल्याकडे काय आहे ते बघा. शाई, छापखाना, टपालखर्च, काहीच लागत नाही. माझ्या क्षेत्राने लिहिण्याचं साधन प्रत्येकाच्या खिशात दिलं. तरीही खानदानाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर बोलतात चाचा आणि मामू. खाला आणि फुफी वाचतात, फार तर 'आमीन' लिहितात. तलाकवर, वारशावर, मुलींच्या शिक्षणावर लेख येतात तेही बहुतेक पुरुषांचेच. त्यात माझ्यासारखेही आले. साधन मिळालं म्हणून आवाज आपोआप येत नाही. 'तू लिही, मी छापतो' असं म्हणणारं कुणीतरी लागतं, आणि शिव्या आल्या तर तिच्याबरोबर उभं राहणारंही लागतं.

म्हणून माझी एकच विनंती आहे. आपल्या घरातल्या एका बाईला तिची हकीकत विचारा. तिला लिहिता येत नसेल तर ती सांगेल तशी उतरवून घ्या. ती मराठीत बोलो, दखनीत बोलो की कोकणीत, तिची भाषा 'सुधारू' नका. उतरवलेलं तिला वाचून दाखवा, आणि तिची परवानगी असेल तर तिच्या नावानं छापायला पाठवा. 'अमक्याची अम्मी' म्हणून नको.